बरणी काल उघडली

लाइनफेल्डन-एख्टरडिंगेन, जर्मनी
रविवार, ९ नोव्हेंबर २०२५

तीर्थरूप आई-बाबांना,
शिरसाष्टांग नमस्कार.

फोनवर रोजच बोलतो, मग पत्र कशाला, असं वाटेल तुम्हाला. गेल्या रविवारी आई बोलता बोलता म्हणाली, "दोघांसाठी काय मोठा स्वयंपाक मांडायचा, चहा-पोळी खाल्ली आणि झालं." ते आठवडाभर माझ्या डोक्यातून गेलं नाही. फोनवर तो विषय काढला की आई दुसरंच काहीतरी विचारते आणि बाबा नुसतं "बरं बरं" म्हणतात. म्हणून लिहायला बसलो. आज इथे सगळी दुकानं बंद, बाहेर सकाळपासून धुकं, आणि गॅसवर कोबीचं पातेलं मंद आचेवर ठेवलंय. अजून अर्धा तास तरी त्याला हात लावायचा नाही.

कोबीच्या बरणीबद्दल मागे अर्धवट सांगितलं होतं, आज नीट सांगतो. तुम्ही इथे याल तेव्हा विमान उतरताना खिडकीतून खाली बघा. श्टुटगार्टचा विमानतळ ज्या पठारावर आहे त्याला फिल्डर म्हणतात, आणि धावपट्टीच्या आसपास जी शेतं दिसतात त्यात कोबी असतो. हा कोबी गोल नसतो, वर निमुळता, टोकदार असतो. फिल्डरक्राउट हे त्याचं नाव, आणि युरोपियन युनियनने ते नाव या भागापुरतं राखून ठेवलेलं आहे. पानं पातळ, शिरा नाजूक, चवीला गोडसर. यंत्राने त्याचा दांडा नीट काढता येत नाही म्हणून कारखान्यांना तो नको असतो. घरी सावरक्राउट, म्हणजे मिठात आंबवलेला कोबी, घालणारे मात्र याच्यावर जीव टाकतात. ऑक्टोबरात आमच्या गावात या कोबीचा मोठा उत्सव भरतो, दोन दिवस रस्त्यांवर दुसरा वास नसतो.

खालच्या मजल्यावरच्या आजी तुम्हाला माहीत आहेत, व्हिडिओवर एकदा त्यांनी हात हलवला होता. वय ८४, एकट्याच राहतात. ३ ऑक्टोबरला इथे सुट्टी असते. त्या सकाळी त्यांनी माझं दार वाजवलं आणि विचारलं, "तुमच्या हातात जोर आहे का?" खाली गेलो तर स्वयंपाकघरात दोन कोबी, एकेक चार किलोचा, आणि त्यांच्या सासूची लाकडी किसणी. किसणी म्हणजे हातभर लांब फळी, मध्ये तिरपी पाती, वर सरकणारी पेटी. पेटीत अर्धा कोबी ठेवायचा आणि पुढे-मागे ओढायचा. विळीवर आई चिरते तितका बारीक कोबी भराभर खाली पडत होता. दांडे काढून सात किलो भरला. आजींनी मीठ वजन करून घेतलं, १४० ग्रॅम. किलोला वीस ग्रॅम, शेकडा दोन, हे प्रमाण त्या अजिबात सोडत नाहीत. मीठ कमी पडलं तर कोबी लिबलिबीत होऊन सडतो, जास्त झालं तर आंबायचंच थांबतं.

मग एका मोठ्या टबात तो मिठाने चोळायचा आणि लाकडी मुसळीने ठेचायचा. पहिली पाच मिनिटं काहीच झालं नाही. एवढ्या कोरड्या ढिगाला इतकंसं मीठ कसं पुरणार, असंच वाटत होतं. मग हाताला ओल लागली, मग बोटांच्या मधून पाणी यायला लागलं, आणि पंधराएक मिनिटांत लोणच्याला सुटतो तसा खार तळाशी जमला. आई, त्या क्षणी तुझी आठवण आली. कैरीच्या फोडींना मीठ लावून ठेवल्यावर तू परात तिरकी करून बघायचीस ना, तशाच आजी टब तिरका करून बघत होत्या.

इथे परक्या माणसाला 'झी' म्हणतात, म्हणजे अहो-जाहो. 'डू' म्हणजे अरे-तुरे. धाकट्याने आपण होऊन 'डू'वर यायचं नसतं, मोठ्या माणसाने तसं सांगावं लागतं. तीन वर्षं आम्ही जिन्यात एकमेकांना 'झी' म्हणत होतो. त्या दिवशी दोघांचे हात कोपरापर्यंत खारट असताना आजी म्हणाल्या, "आता 'डू' म्हण." मला आधी ते जमेना. चौऱ्याऐंशी वर्षांच्या बाईला अरे-तुरे कसं करायचं? मग लक्षात आलं, आपल्या आजीला आपण 'तू'च म्हणायचो की. तेव्हापासून ती माझी आजी झाली.

कोबी बरणीत भरताना प्रत्येक थर मुठीने दाबला. मधे हवा राहता कामा नये. वरून दोन अर्धगोल दगड ठेवले, आणि खार दगडांच्या वर दोन बोटं येईल असं बघितलं. या बरणीची गंमत तिच्या काठात आहे. काठाला चर असते, चरीत पाणी भरायचं आणि झाकण त्या पाण्यात टेकवायचं. आतला वायू बुडबुडा होऊन बाहेर पडतो, बाहेरची हवा आत जात नाही. दह्याला विरजण लागतं, इथे तेही लागत नाही. कोबीच्या पानांवर जे जंतू असतात तेच त्यातली साखर खाऊन आंबटपणा तयार करतात. पहिला आठवडा बरणी माझ्या स्वयंपाकघरात होती, कारण आजीचं घर थंड असतं. तिसऱ्या रात्री अंधारात "बुडुक" असा आवाज आला. मी उठून बसलो. मग पुन्हा आला. त्या आठवड्यात रोज झोपताना मी तो आवाज ऐकत होतो. घरात कुणीतरी आहे असं वाटायचं. नंतर बरणी तळघरात नेली. तेव्हापासून मी दर दोन-तीन दिवसांनी चरीत पाणी घालायला खाली जायचो, आणि आजी जिन्यातून विचारायची, "बोलतेय का अजून?"

काल उघडली. पाच आठवडे आणि एक दिवस. हिरवट-पांढरा कोबी गवताच्या काडीसारखा पिवळसर झाला होता. वास आंबूस पण स्वच्छ, आणि दाताखाली अजून कुरकुरीत. आजीने चिमूटभर तोंडात टाकला, डोळे मिटले, आणि काही न बोलता बशी माझ्यापुढे सरकवली.

बाबा, हे तुमच्यासाठी. १७६८ साली कॅप्टन कुक 'एंडेव्हर' जहाज घेऊन निघाला तेव्हा त्याने पिंपंच्या पिंपं सावरक्राउट बरोबर घेतलं होतं. लांबच्या प्रवासात ताजी भाजी नसली की खलाशांच्या हिरड्यांतून रक्त यायचं, माणसं मरायची. खलाशी काही ते खाईनात. कुकने सक्ती केली नाही. अधिकाऱ्यांच्या टेबलावर ते रोज वाढायला लावलं आणि खलाशांना सांगितलं, हवं तर घ्या. आठवडाभरात मागणी इतकी वाढली की मापून द्यावं लागलं. मला कारल्याची भाजी अशीच खायला लागली होती. आई माझ्या ताटात वाढायची नाही, तुम्ही दोघं माझ्यासमोर चवीने खायचात.

पातेल्याची वेळ झाली, बघून येतो.

आता कोबी छान मऊ झालाय, ओव्हनही तापत ठेवलाय. आजचा पदार्थ काय ते लिहितो. इथे त्याला आउफलाउफ म्हणतात, म्हणजे थर लावून ओव्हनमध्ये भाजलेलं जेवण. एकाच भांड्यात भाजी, बटाटा, मांस सगळं येतं, वेगळं काही करावं लागत नाही. पाच वाजायच्या आत अंधार पडतो अशा दिवसांत हे पोटाला धरून राहतं.

माझ्या भांड्यात चार माणसांचं बसतं. आठशे ग्रॅम सावरक्राउट. दोन कांदे लोण्यावर गुलाबी परतायचे, त्यावर एक आंबट सफरचंद बारीक चिरून टाकायचं. बोस्कोप जातीचं मिळालं तर उत्तम, ते शिजून विरघळतं आणि कोबीच्या आंबटपणाला गोलाई देतं. मग कोबी, दोन तमालपत्रं, जुनिपरची पाच-सहा वाळलेली फळं आणि पाऊण पेला सफरचंदाचा रस. ही फळं मिऱ्यापेक्षा जरा मोठी आणि काळी-निळी असतात, चमच्याच्या पाठीने चेचायची. देवदाराच्या लाकडाला येतो तसा वास त्यांना असतो. आणि क्युमेल, अर्धा चमचा. हे दिसायला अगदी जिऱ्यासारखं, जरा बाकदार. पहिल्या वर्षी मी तेच जिरं समजून आणलं आणि वरणाला फोडणी दिली, ते वरण मला घशाखाली उतरलं नाही. जिऱ्याचं नाव इथे क्रॉइत्सक्युमेल. पण कोबीत क्युमेलच हवं, त्याने पोट फुगत नाही असं आजी सांगते. झाकण ठेवून चाळीस मिनिटं मंद आचेवर.

सॉसेज खाटकाकडून शनिवारीच आणून ठेवलेत. कच्चे, जाड वाटलेले ब्राटवुर्स्ट, मरव्याच्या वासाचे. त्यात डुकराचं मांस असतं बाबा, ते आधीच सांगतो, नको असेल तर टर्कीचेही मिळतात. ते मंद आचेवर सगळीकडून खरपूस भाजायचे. काट्याने टोचायचे नाहीत, रस निघून जातो आणि भुसा खाल्ल्यासारखं लागतं. जरा निवले की बोटभर जाड चकत्या. तव्यात जे तपकिरी चिकटून राहतं ते दोन चमचे पाण्याने सोडवून कोबीत ओतायचं. माझ्या मते या पदार्थाची अर्धी चव तिथे आहे, आणि बरेच जण तो तवा तसाच घासायला टाकतात.

आता बटाट्याबद्दल. इथे बटाट्याच्या पिशवीवर रंगाची पट्टी असते. हिरवी म्हणजे घट्ट राहणारा, लाल म्हणजे मधला, निळी म्हणजे पिठूळ. कुस्करायला निळी. दोन वर्षांपूर्वी मी हे एकट्याने पहिल्यांदा केलं तेव्हा ऑफिसातल्या चौघांना जेवायला बोलावलं होतं. वेळ वाचवायचा म्हणून बटाट्याच्या कच्च्या चकत्याच कोबीत थर लावून ओव्हनमध्ये घातल्या. एक तास झाला, दीड तास झाला, सुरी टोचली की कचकन आवाज. वरचा थर जळायला आला आणि बटाटा कच्चाच. शेवटी सगळ्यांना सॉसेज आणि पाव वाढला. मला फार वाईट वाटलं. त्या रात्री झोपताना डोक्यात लख्ख प्रकाश पडला: "डाळ शिजल्याशिवाय आमसूल टाकू नकोस." आई, तू हे हजार वेळा म्हटलंयस. आंबटात बटाट्याच्या पेशींना धरून ठेवणारा चिकटा सुटत नाही, डाळीचं तसंच होतं. जर्मन कोबीतही तुझाच नियम. तेव्हापासून बटाटे वेगळे उकडतो.

एक किलो बटाटे, पन्नास ग्रॅम लोणी, पेलाभर गरम दूध, वर थोडं जायफळ किसून. दूध गरमच हवं, थंड घातलं की बटाटा चिकट होतो. लाकडी चमच्याने हलक्या हाताने, मऊसूत होईपर्यंत. मिक्सर लावायचा नाही, त्याची खळ होते.

थर असे: खाली कोबी, वर सॉसेज, त्यावर बटाटा. चमच्याच्या टोकाने बटाट्यावर लाटा काढायच्या, त्यांचे कंगोरे भाजून निघतात. भांडं काचेचं किंवा चिनी मातीचं घ्यायचं, आंबट-खारट असल्यामुळे ॲल्युमिनियम चालत नाही. लोक वर चीज घालतात. आजी घालत नाही, ती पावाचा चुरा आणि लोण्याचे खडे टाकते. मलाही आता तेच आवडतं. चीजचा वास कोबीच्या वासावर बसतो, आणि पाच आठवडे जपलेला कोबी झाकून टाकायचा तर मग केला कशाला. २०० अंशांवर अर्धा तास, वर सोनेरी रंग येईपर्यंत. मग बाहेर काढून दहा मिनिटं थांबायचं, नाहीतर थर कोसळतात.

एका कोपऱ्यात आज सॉसेज घातलेले नाहीत. तिथे मशरूम परतून घातलेत, मिरपूड लावून. तो कोपरा तुझा आहे आई. तू आल्यावर पहिल्यांदा करून बघण्यापेक्षा आत्ताच बघतोय कसा लागतो ते. त्याच्यासाठी वेगळं भांडं हवं, हे मला कळतं. तुझ्या वेळी वेगळंच करीन.

बाबांचं ब्लडप्रेशर माझ्या डोक्यात आहे. दीडशे ग्रॅम सावरक्राउटमध्ये साधारण तीन ग्रॅम मीठ जातं, आणि जागतिक आरोग्य संघटना सांगते की दिवसभरात मिळून पाच ग्रॅमच्या आत राहा. सॉसेजचं मीठ वेगळं. म्हणून आज कोबी एकदा पाण्यात बुडवून पिळून घेतला, बटाट्यात मीठ घातलंच नाही. तरी चव उतरली नाही. बाबा, तुम्हाला तरीही वाटीभरच मिळेल, बटाटा मात्र हवा तेवढा. कवळीलाही त्रास नाही, सगळं मऊ असतं.

आत्ता जेवून उठलो. आजी वर आली होती. मशरूमचा कोपरा चांगला झालाय, फक्त क्युमेल जरा जास्त लागतं तिथे, पुढच्या वेळी कमी घालीन.

ज्यासाठी पत्र लिहायला घेतलं ते अजून राहिलंय. पहिल्या हिवाळ्यात मी संध्याकाळी ओट्याशी उभा राहून पाव-चीज खायचो. इथे रात्री थंड पावाचंच जेवण करतात, त्यामुळे त्यात काही चुकतंय असं वाटायचंही नाही. ताट घेत नव्हतो, बसत नव्हतो. तुम्ही विचारलंत की "जेवलो" सांगायचो. खोटं नव्हतं, पण खरंही नव्हतं. मार्चपर्यंत माझं वजन सहा किलो उतरलं होतं. तुम्हाला सांगितलं नाही.

त्या वर्षी एका रविवारी आजीने जिन्यात मला थांबवून झाकलेली बशी हातात दिली होती. हाच पदार्थ. बशी परत करायला गेलो तेव्हा मी विचारलं, तुम्ही एकट्या, मग चौघांचं भांडं का भरता? त्या म्हणाल्या, "माझं भांडं एवढंच आहे." नवरा गेल्यावर लहान भांडं घ्यायचं त्यांनी ठरवलं होतं, दुकानापर्यंत जाऊन परत आल्या. रविवारी एक भांडं होतं. एक वाटा ती त्या दिवशी खाते, टेबलावर कापडी रुमाल घालून. एक सोमवारी गरम करून, आणि गरम केलेलं जास्त चांगलं लागतं हे इथे सगळेच मानतात. एक फ्रीझरमध्ये. आणि एक कुणाला तरी. दोन वर्षं तो चौथा वाटा माझा होता. आता रविवार आलटून पालटून आहेत, आज माझी पाळी होती.

आई, तू दोघांसाठी करतेस. आजीपेक्षा एक माणूस जास्तच आहे. तुझ्या त्या मोठ्या पितळी पातेल्यातली खिचडी, कढी, तू घालतेस ती मुगाची उसळ, यातलं काही माझ्या या भांड्यापेक्षा अवघड नाही. तुझे गुडघे दुखतात हे मला माहीत आहे. मग बाबांनी चिरून द्यावं. बाबा, तुम्ही पेपर वाचता त्याच टेबलावर ताट आणि सुरी घेऊन बसा, कोबी चिरायला मला आजीच्या सासूच्या किसणीवर वीस मिनिटं लागली, तुम्हाला दोघांपुरता पाच लागतील. रोज जमलं नाही तर एक दिवसाआड. पण रात्रीचं गरम जेवण, बसून, दोघांनी एकत्र, एवढं कराल का? मी लांब बसून हट्ट करतोय हे कळतंय मला. तरी करतोय.

एप्रिलच्या तिकिटांचं मी या आठवड्यात बघतो. व्हिसासाठी बाबांच्या बँकेचे कागद लागतील, त्याची यादी वेगळी पाठवीन.

काल बरणीतून कोबी काढताना लिटरभराची एक काचेची बरणी आम्ही वेगळी भरली. कोबी खाराखाली दाबून झाकण घट्ट लावलंय आणि माझ्या फ्रीजच्या तळाच्या कप्प्यात, सगळ्यात मागे ठेवलीय. आजीने लेबल आणलं, चष्मा लावला, आणि तिच्या त्या तिरक्या जुन्या अक्षरात लिहिलं, "एल्टर्न, एप्रिल." एल्टर्न म्हणजे आई-वडील. मग मला विचारलं, "तुझी आई घरी कोबी कशी करते?" मी चणाडाळ घालून, हिंग-मोहरीच्या फोडणीची सांगितली. तिला हिंग म्हणजे काय ते काही केल्या सांगता येईना. येताना एक लहान डबी आण, घट्ट झाकणाची.

तुमचा,
बाळू

ता. क. बुधवारी रात्री साडेआठला, तुमच्या वेळेने, व्हिडिओ कॉल करतो. ताटं पुढ्यात असू देत, मीही इथे माझा सोमवारचा राहिलेला वाटा गरम करून बसेन.